आपली नावे, त्यांचे अर्थ आणि एक केतुबा

आपल्या मशिदीच्या वर्धापनदिनानिमित्त स्मरणिका काढायचे ठरले तेव्हा समितीने आमच्याकडे एक लहानसे काम सोपवले. गेली कित्येक वर्षे आपल्या घराघरांतून एक टाइप केलेली यादी फिरते आहे, 'बेने इस्राएल नावे व त्यांचे अर्थ' अशा मथळ्याची. कोणी केली, कधी केली, काही लिहिलेले नाही. झेरॉक्सवरून झेरॉक्स काढून अक्षरे पुसट झाली आहेत, पण नातवंड होणार म्हटले की सुना हीच यादी मागतात. ती स्मरणिकेत छापावी, मात्र त्याआधी कोणीतरी नजरेखालून घालावी, असे ठरले. "सिस्टर, तुमची सगळी नोकरी बाळंतिणींच्या वॉर्डात गेली. नावे तुमच्याइतकी कोणी ऐकली असतील?" असे म्हणून सेक्रेटरीसाहेबांनी कागद आमच्या हातात दिला. दोन संध्याकाळचे काम म्हणून घेतले, त्याला सात महिने लागले. त्या सात महिन्यांत एक गोष्ट आमच्याच घरातली निघाली. तीही शेवटी सांगणार आहोत.

पहिल्याच पानावर 'अमित' होते. अर्थ दिला होता, 'ज्याला मर्यादा नाही असा'. हा अर्थ खोटा नाही, पण तो संस्कृतातला. इथल्या शाळेत ज्या अमितची हजेरी घेतात त्याचे नाव हिब्रू आहे, आणि हिब्रूत अमित म्हणजे सोबती, सहकारी. दोन भाषांतले दोन निराळे शब्द एकाच उच्चारावर येऊन थांबले, एवढेच. 'माया'चे तसेच. इथे पुष्कळ लोक तिचा संबंध 'मायिम' म्हणजे पाणी याच्याशी जोडतात. तनाखमध्ये मात्र हे नाव कुठे नाही. आपल्या आजीबाईंना तर माया म्हटले की पाणी आठवतच नाही.

आणि 'शनी'. आमच्या वॉर्डात आपल्याच समाजातल्या एका घरची सून बाळंत झाली आणि मुलीचे नाव शनी ठेवणार म्हणाली. आजेसासूबाई भेटायला आल्या होत्या, त्या मटकन खालीच बसल्या. "तेलाचा घाणा चालवला आणि शनिवार पाळला म्हणून कोकणात आम्हाला शनवार तेली म्हणत. ते पुरे नाही झालं, म्हणून आता पोरीच्या मागे साडेसाती लावता?" आम्ही त्यांना खुर्चीवर बसवले आणि सांगितले की हिब्रूत शनी म्हणजे किरमिजी रंग, किरमिजी धागा. तोराच्या पहिल्या पुस्तकात तामारला जुळे होते त्या वेळची गोष्ट आहे. एका बाळाचा हात आधी बाहेर आला, सुईणीने हा पहिला म्हणून मनगटाला शनी बांधला, हात आत गेला आणि दुसरेच बाळ आधी जन्मले. बाळाच्या मनगटाला खूण बांधण्याची आमच्या धंद्यातली ही फार जुनी नोंद आहे. नर्सिंगच्या डिप्लोमाला हे कोणी शिकवले नव्हते, आमचे आम्हीच वाचले. आजीबाईंना सगळे पटले असे नाही, पण नाव शनीच राहिले.

यानंतर तोरातली मोठी नावे. मोशेपुढे लिहिले होते 'पाण्यातून काढलेला', शमुवेलपुढे 'देवाजवळ मागितलेला'. हे तर प्रत्यक्ष ग्रंथात आहे, त्याला आम्ही कोण हात लावणार? पण वाचत गेलो तसे लक्षात आले की ग्रंथात सांगितलेले कारण आणि शब्दाचा उगम या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मोशेचे नाव ठेवले फारोच्या मुलीने. ती काही घरात हिब्रू बोलत नसणार. जुन्या मिसरी भाषेत 'मोस' या शब्दात 'जन्मलेला, मूल' असा अर्थ आहे, आणि थुटमोस वगैरे राजांच्या नावांत तोच शब्द आहे, असे अभ्यासक सांगतात. हन्नाने 'मी ह्याला मागून घेतला' म्हणून शमुवेल नाव ठेवले. पण 'मागितलेला' हा अर्थ शब्दाने बसतो तो शाऊल या नावात. शेमुएलमध्ये 'शेम' म्हणजे नाव आणि 'एल' म्हणजे देव, असे अक्षरांवरून दिसते. म्हणून हन्ना चुकली असे मात्र आम्ही म्हणणार नाही. हजारो बायका बाळंत होताना पाहिल्या. बाळ पहिल्यांदा छातीशी घेताना आई जे बोलते ते तिचे असते, त्याला डिक्शनरी लावायची नसते. आम्ही यादीत दोन रकाने पाडले, एक 'ग्रंथात दिलेले कारण' आणि दुसरा 'शब्दाचा उगम'. समितीला हे आधी रुचले नाही. मग रुचले.

एस्तेरपुढे 'लपलेली' असा अर्थ होता. हा मागाहूनच्या रब्बींनी 'हेस्तेर' म्हणजे लपणे या शब्दावरून लावलेला अर्थ. मगिल्लामध्ये तिचे दुसरे नाव हदस्सा दिले आहे, ते एका सुवासिक झुडपाच्या नावावरून आले आहे. 'एस्तेर'चा संबंध काही विद्वान फारसीतल्या ताऱ्याच्या शब्दाशी लावतात, तोच शब्द आपल्या मराठीत सितारा म्हणून आला. काही बाबिलोनच्या इश्तार देवीशी लावतात. मोर्दखयचे नाव तर तिथल्या मर्दुक देवाशी जुळते. पुरीमच्या गोष्टीतली दोन्ही मोठी माणसे परमुलखाची नावे लावून वावरत होती, हे वाचून आम्हाला आपल्या समाजाबद्दल जरा धीर आला.

कारण यादीतली खरी पडझड आपल्या खास नावांत होती. 'समाजी'पुढे लिहिले होते, 'शाम या हिंदू नावावरून'. 'मुसाजी' आणि 'दाऊदजी' यांच्यापुढे नुसते 'मुसलमानी'. ज्या समाजाने शेमा सोडून बाकी हिब्रू विसरल्यावरही ही नावे सोडली नाहीत, त्याच समाजाच्या यादीत असे लिहिलेले पाहून वाईट वाटले.

मुंबईची आपली पहिली मशीद, शाआर हारहमीम, १७९६ साली मांडवीला बांधली गेली, हे सर्वांना ठाऊक आहे. जुनी मशीद ती हीच. ती बांधणारे समाजी हसाजी दिवेकर कंपनी सरकारच्या पलटणीत अधिकारी होते. टिपूबरोबरच्या लढाईत ते कैद झाले आणि सुटून आल्यावर त्यांनी हे प्रार्थनालय उभारले. इंग्रजी लिखाणात त्यांचे नाव सॅम्युएल इझिकेल दिवेकर असे येते, आणि सॅम्युएल स्ट्रीट हे रस्त्याचे नाव त्यांच्यावरूनच पडले. म्हणजे समाजी तो शेमुएल आणि हसाजी तो यहेज्केल. शामचा इथे काही संबंध नाही.

हे कसे झाले ते एकदा कळले की बाकीची नावे आपोआप उलगडतात. आपल्या वाडवडिलांनी लांबलचक हिब्रू नावाचा पुढचा तुकडा ठेवला, मागची शेपटी टाकली आणि मराठी 'जी' जोडला. अब्राहामचा झाला आबाजी, बिन्यामीनचा बनाजी, एलियाहूचा एलोजी, इसहाकचा इसाजी. तानाजी, येसाजी, संताजी यांच्या पंगतीत आबाजी आणि समाजी बसले तर कोण ओळखणार? यहेज्केलचा हसाजी ऐकायला दूरचा वाटतो, पण बगदादकडचे ज्यूही यहेज्केलला हेस्केल म्हणत, तेव्हा पुढचा 'य' गळणे नवीन नाही. मुसाजी, दाऊदजी, याकूबजी या नावांत 'जी' सोडला तर उरतात मोशे, दावीद आणि याकोब हेच. कोकणच्या बंदरांवर अरबी-फारसी बोलीत ही नावे जशी कानावर पडत तशी आपल्या लोकांनी उच्चारली, असे दिसते. उच्चार परका, नाव आपलेच.

(आडनावांत फारसा घोळ नव्हता. किहीमचे केहीमकर, नवगावचे नवगावकर, पेणचे पेणकर. गावच नावात बसल्यावर चुकायला जागा कुठे? तरी इथल्या एका मुलाने आम्हाला विचारलेच की पेणकरांचे पूर्वज पेन विकत होते का.)

एकोणिसाव्या शतकात ही नावे पुन्हा ग्रंथातल्या रूपाकडे वळू लागली. १८२६ पासून कोचीनचे ज्यू शिक्षक कोकणात आणि मुंबईत येऊन शिकवू लागले. मिशनरी जॉन विल्सन यांनी १८३२ साली मराठीतून हिब्रू व्याकरण छापले. त्यांचा हेतू काहीही असो, आपल्या लोकांनी त्यातून हिब्रू तेवढे घेतले. मग इंग्रजी शाळा आल्या, सरकारी नोकऱ्या आल्या, आणि समाजीचा नातू ऑफिसात सॅम्युएल झाला. घरात आजी मात्र त्याला समाजीच म्हणे. हाईम सॅम्युएल केहीमकर यांनी १८९७ साली आपल्या समाजाचा इतिहास इंग्रजीत लिहिला, तो चाळीस वर्षांनी, १९३७ साली तेल अवीवमध्ये छापला गेला. त्यात अशा घरगुती नावांच्या आणि मूळ हिब्रू नावांच्या जोड्या आहेत. आमच्या यादीच्या कर्त्याने ते पुस्तक उघडले असते तर आमचे चार महिने वाचले असते.

इंग्रजी म्हणून यादीत बाजूला काढलेली काही नावेही मुळात इंग्रजी नाहीत. एलिझाबेथ म्हणजे अहरोनची बायको एलिशेवा, ग्रीक आणि लॅटिन फिरून आलेली. सुसान म्हणजे शोशना. शोशनाची तर आणखी गंमत. आज ते फूल कोणी लिली समजतो, कोणी गुलाब, पण शब्द मुळात जुन्या मिसरी भाषेतल्या कमळाच्या नावावरून आला असे मानतात. आमच्या ओळखीच्या एक कमलबाई इथे आल्यावर शोशना झाल्या. शब्द जुळतो म्हणून नव्हे, शेजारणीला ते नाव आवडे म्हणून. न कळत अगदी बरोबर झाले.

बायकांच्या नावांची यादीकर्त्याने फारच ओढाताण केली होती. यमुना म्हणजे येमिमा, सोना म्हणजे शोशना, लाडू म्हणजे आणखी काही. हा सगळा खटाटोप कशासाठी? मुलाचे नाव आठव्या दिवशी मिलाच्या वेळी हिब्रूत उच्चारले जाई, म्हणून ते टिकले. मुलीचे नाव पाळण्यात बायका ठेवत, आणि बायकांची भाषा मराठी होती. यमुनाबाई, सोनाबाई, लाडूबाई ही सरळ मराठी नावे आहेत. इथे आल्यावर कित्येक सोनांच्या झेहवा झाल्या आणि मोतींच्या पेनिना. ते भाषांतर, उगम नव्हे. आम्ही त्या सर्वांपुढे 'मराठी' असे लिहिले. समितीतले एक गृहस्थ म्हणाले, "ज्यू नावांच्या यादीत यमुना?" आम्ही म्हटले, आमच्या पणजीचे नाव यमुना होते आणि तिने एका शुक्रवारी सांजदिवा चुकवला नाही. नाव काढायचे तर तुमच्या हाताने काढा. ते त्यांनी काढले नाही.

आता घरातली गोष्ट. आमच्या आईचे वडील अलिबागकडचे. गावात, घरात, दुकानात त्यांना हसाजी म्हणत. त्यांना चार मुली, मुलगा नाही. इस्राएलला यायचे त्यांच्या मनात फार होते, पण १९६२ साली इथल्या मुख्य रब्बींच्या कचेरीने विवाह नोंदवणाऱ्यांना निर्देश दिले की बेने इस्राएल वधूवरांची आई, आजी आणि त्यामागे पोचता येईल तितक्या पिढ्यांची चौकशी करावी. आपले लोक रस्त्यावर उतरले, उपोषणाला बसले. जुन्या वाचकांना आम्ही हे सांगायला नको. १९६४ च्या ऑगस्टमध्ये क्नेसेटने ठराव केला की बेने इस्राएल सर्व बाबतींत ज्यू आहेत, आणि मग त्या निर्देशातून आपल्या समाजाचे नाव काढले गेले. आजोबांनी तो ठराव होईपर्यंत वाट पाहिली आणि १९६५ मध्ये आजी व धाकटी मुलगी यांना घेऊन निघाले. तरी मनात धास्ती होतीच. कोणी विचारलेच तर दाखवायला म्हणून आपली केतुबा त्यांनी मेणकापडात गुंडाळून ट्रंकेच्या तळाशी ठेवली.

उतरल्यावर कारकुनाने नाव विचारले. "हसाजी." कारकुनाने असे नाव कधी ऐकले नव्हते. याचा अर्थ काय, असे त्याने विचारले. रांगेतले आपलेच एक भले गृहस्थ मोडक्या हिब्रूत पुढे झाले : हसाजी म्हणजे हसणारा. हसणारा म्हणजे इसहाक! साराचे हसणे कोणाला माहीत नाही? कारकुनाने इसहाक लिहिले. त्यात कोणाची वाईट बुद्धी नव्हती. पण आजोबा इसहाक असते तर गावाने त्यांना इसाजी म्हटले असते, एवढे त्या गडबडीत कोणाच्या ध्यानात आले नाही. त्याच हिवाळ्यात न्यूमोनियाने ते गेले. पुरणाऱ्यांनी कागदावर होते ते नाव दगडावर कोरले. मुलगा असता तर तोरापुढे 'बेन यहेज्केल' म्हणून त्याला बोलावले असते आणि चूक त्याच दिवशी कळली असती. आजीने तर जन्मात नवऱ्याचे नाव घेतले नव्हते. उखाण्यात घेतले ते हसाजी. तेव्हापासून दर वर्षी हशकाबा होते ती इसहाकच्या नावाने.

वॉर्डात आम्हाला पहिल्या दिवसापासून एक शिस्त होती. पेशंटला "तुम्ही अमुकच ना?" असे कधी विचारायचे नाही. ग्लानीतला माणूस कशालाही हो म्हणतो. "तुमचे नाव काय?" असे विचारायचे आणि तो काय सांगतो ते मनगटाच्या पट्टीशी ताडून पाहायचे. यादीच्या कामात वडीलधाऱ्यांना फोन करताना आम्ही हीच शिस्त ठेवली, आणि स्वतःच्या मावशीला मात्र मोडली. "आजोबांचं नाव इसहाकच होतं ना?" असे दोनदा विचारले; दोन्ही वेळा ती हो म्हणाली. तिसऱ्या वेळी शुद्धीवर येऊन विचारले, "मावशी, तुझ्या लग्नाच्या केतुबात तुझ्या बापाचं नाव काय लिहिलंय?" ती म्हणाली, "माझं लग्न इथलं. कागदावरून लिहिलं. पण त्यांची स्वतःची केतुबा ट्रंकेत असेल. आईने कोणाला हात लावू दिला नाही."

मेणकापड सुकून तडकले होते, आतला कागद शाबूत होता. मुंबईत छापलेली केतुबा, कडेने फुलांची वेल, मधे सुबक हिब्रू अक्षरात वराचे नाव : यहेज्केल बेन शेमुएल. आणि खाली मोडीत सही. मोडी आम्हाला येत नाही. आपल्या मशिदीतल्या एका वृद्ध गृहस्थांनी भिंग लावून वाचली. "हसाजी समाजी." त्यांनी दुसऱ्यांदा वाचून खात्री केली. दाखवायला म्हणून आणलेला कागद कोणीच मागितला नाही, म्हणून तो इतकी वर्षे कोणी उघडलाही नव्हता.

पेच वेगळाच होता. गेल्या वर्षी आमच्या मावसबहिणीला नातू झाला आणि त्याचे नाव आजोबांच्या नावावरून, म्हणजे दगडावरच्या नावावरून, इसहाक ठेवले. बहिणीला फोन केला. ती बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, "अगं, आता काय मिला परत करायची?" दुसऱ्या दिवशी तिचाच फोन आला. नातवाचे नाव इसहाकच राहील, ते आता त्याचे झाले. पण नाना इतकी वर्षे दुसऱ्याच्या नावाने प्रार्थना ऐकत पडलेत, हे तिला रात्रभर झोपू देईना.

हज्जानसाहेबांशी बोलणे झाले. या वर्षीच्या हशकाबाला त्यांनी दोन्ही नावे घेतली, आधी यहेज्केल बेन शेमुएल आणि मग ज्यांना इसहाक म्हणत असत. मावशी व्हीलचेअरवर पहिल्या ओळीत होती. नाव ऐकल्यावर तिने मान वर केली आणि आमच्याकडे पाहिले. दगडावर आणखी एक ओळ बसेल एवढी जागा आहे, असे कारागिराने सांगितले आहे.

तपासलेली यादी पुढील पानांवर दिली आहे. तीत 'हसाजी'पुढे लिहिले आहे : यहेज्केल. अर्थ, देव बळ देतो. हसणे या शब्दाशी संबंध नाही. ज्या नावांबद्दल आमची खात्री झाली नाही त्यांच्यापुढची जागा कोरी सोडली आहे. ज्यांच्या घरी जुनी केतुबा असेल त्यांनी कृपया ती उघडून वराचे, वधूचे आणि दोघांच्या वडिलांचे नाव एका चिठ्ठीवर लिहावे, घरात हाक मारायचे नाव शेजारी लिहावे, आणि चिठ्ठी शब्बाथखेरीज कोणत्याही दिवशी सेक्रेटरीसाहेबांकडे द्यावी. मोडी वाचणारे गृहस्थ मंगळवारी संध्याकाळी मशिदीत असतात.